पाठमोरी मुशी

घाबरू नका, चावणार नाही. मी मुशी बोलतेय, तुम्ही शार्क म्हणता ती, पण पाण्यातली नव्हे. रत्नागिरीच्या उत्तरेला एका खाडीच्या डोक्यावर सडा, म्हणजे उघड्या कातळाचं पठार आहे, त्या सड्याच्या कातळात कोरलेली मुशी. दोन बैल एकामागे एक निजतील एवढी लांब. पाण्यातला मासा असूनही मला पाणी मिळतं ते पावसाळ्यात, माझ्या रेघांमध्ये साचतं तेवढंच. त्यात बेडकांची पिल्लं पोहतात आणि मी आपली पडून असते.

माझा जन्म कधीचा ते विचारू नका. पुण्याहून मोजमापं घ्यायला आलेली माणसं त्यावरून माझ्याशेजारी उभी राहून भांडली आणि मग डबे उघडून जेवायला बसली. मला एवढंच माहीत, की तेव्हा लोखंड नव्हतं, खाली गाव नव्हतं आणि समुद्र आजच्यापेक्षा बराच लांब होता.

मला एका बाईनं कोरलं. कोरता कोरता ती बोलायची, म्हणून तिची हकिगत मला ठाऊक आहे. तिचा माणूस ओंडका पोखरून केलेल्या होडीतून मासे मारायला गेला. होडी परत आली, तो आला नाही. पुरायला काहीच हाती लागलं नाही, तेव्हा तिनं त्याला सड्यावर कोरला. उताणा, हात अंगालगत, जेवढा होता तेवढाच. मग समुद्राच्या बाजूला बरंच अंतर सोडून तिनं मला कोरायला घेतलं.

आता जरा नीट ऐका. तिनं माझं तोंड समुद्राकडे केलं आणि पाठ त्याच्याकडे. काळ्या टोकदार दगडानं माझा डोळा खणताना ती म्हणाली, "जा. आपल्या पाण्यात जा. त्याच्याकडे वळून बघायचं नाही."

दगडातली मुशी जाणार कुठे! पण वळून बघितलं नाही एवढं खरं. मला वळताच येत नव्हतं म्हणा. तो मागे आहे हे मला पावसामुळे कळायचं. त्याच्या अंगात पाणी साचलं की थेंबांचा आवाज तिकडून वेगळा यायचा. त्या आवाजाची मला सवय झाली होती, आणि सोबतही.

बाई गेली. आमच्यावर माती चढली, गवत रुजलं, तरी पावसात त्याचा तो आवाज मातीखालून यायचाच. गुराखी माझ्या पाठीवर बसून भाकऱ्या खाऊन गेले. आम्ही दोघं मिळून एकच गोष्ट आहोत हे कोणाच्या ध्यानीमनी आलं नाही. माणसं सड्यावर खाली बघून चालतात खरी, पण काटा मोडू नये म्हणून. त्यांच्याकडून आणखी कसली अपेक्षा करायची!

मग हफीजा आली. खाडीकाठच्या मोहल्ल्यातली ही बाई शेळ्या घेऊन सड्यावर यायची. तिचा मुलगा अद्नान मच्छीमारी बोटीवर खलाशी होता. वादळात बोट उलटली. बाकीच्यांची शरीरं किनाऱ्याला लागली, अद्नानचं नाही. कबरस्तानात बापाच्या शेजारची जागा रिकामीच राहिली.

एके दिवशी तिच्या शेळीनं गवत उकरलं आणि मला मागून तिचा आवाज आला, "अगो बाय, निजलाय कोन हितं?" मग हातांनी माती सारल्याचा आवाज, बराच वेळ. मग नाक ओढल्याचा. ती रडत असावी.

तेव्हापासून ती रोज त्याच्यापाशी बसू लागली. फूल वाहिलं नाही, उदबत्ती लावली नाही. म्हणायची, "मी काय मागत नाय तुज्याकडं. नुसती बसते." शिफाला, म्हणजे लेकीला, दिवस गेलेत हे तिनं पहिलं त्याला सांगितलं. घरी काय रांधलं तेही सांगायची. आणि उठताना त्याच्यावर माती ओढायची, वर वाळकं गवत आणि झावळ्या घालायची. कोणाला दिसता कामा नये. इतक्या काळानंतर त्याच्याशी कोणीतरी बोलत होतं. मला बरं वाटायचं, आणि थोडा हेवाही वाटायचा.

पुढच्या वर्षी मी सापडले. गावच्या शाळेतल्या विनीत मास्तरांनी मला शोधलं. खराटा घेऊन स्वतः माझं अंग झाडलं. चांगला माणूस, पण उत्साह जरा जास्त. फोटो निघाले, वर्तमानपत्रात आले, आणि गाव मोटारसायकली घेऊन मला बघायला लोटलं. काहींनी तर गाडी माझ्या शेपटीवरच लावली. तेव्हा मास्तरांनी तिथेच सड्यावर सभा घेतली. मुशीभोवती जांभ्या चिऱ्यांचा गडगा, म्हणजे बुटकी भिंत, घालायचा, आत माहितीचा फलक लावायचा, असं ठरलं.

चिरे द्यायला अनिल पुढे झाला. सड्याच्या मागच्या अंगाला त्याची खाण होती. तो म्हणाला, "चिऱ्यांची चिंता करू नका, मास्तर. नवीन जागा उघडतोय. वरचा थर ओबडधोबड निघतो, घराला कोणी घेत नाही. गडग्याला चालेल. न्या फुकट."

सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. खोटं कशाला बोलू, मीही खूश झाले. आपल्याला कुंपण मिळणार म्हटल्यावर कोण नाराज होईल? आमची चित्रं त्याच वरच्या थरात असतात, हे त्या सभेत कोणाला सुचलं नाही.

हफीजा तेव्हा गावात नव्हती. शिफाच्या बाळंतपणाला मुंब्र्याला गेली होती.

चिरे कापायचं मशीन माझ्या पाठीमागे सुरू झालं. पातं कातळाला लागलं की जो आवाज होतो तो मी आयुष्यात विसरणार नाही. तांबडी धूळ माझ्या डोळ्याच्या खळग्यात भरली. झावळ्या आणि गवत बाजूला ढकलून, माती न झाडता, त्यांनी सरळ चिरे पाडले. त्या पावसात मागून थेंबांचा आवाज आला नाही.

चिरे ट्रॅक्टरमधून माझ्याभोवती येऊन पडले. गडगा चढू लागला. आणि एका चिऱ्यावर मला पायाची बोटं दिसली.

मी त्याला कधी पाहिलं नव्हतं, तरी ओळखलं. एका चिऱ्यात गुडघा. एकात हाताचा पंजा, उलटा बसवलेला. शेवटी गवंडी माझ्या तोंडासमोर फलकाचा चौथरा बांधायला बसला. त्यानं उचललेल्या चिऱ्यावर दोन खळगे होते आणि खाली एक आडवी रेघ. त्यानं तो माझ्याकडे तोंड करून लावला आणि त्यावर सिमेंटचा गिलावा मारला. गवंड्याला कसला दोष देऊ? मातीनं भरलेले खळगे त्याला खडबडीत चिऱ्यासारखेच दिसले. वर फलक उभा राहिला. त्यावर लिहिलं होतं, 'या सड्यावर मानवाकृती आढळलेली नाही.'

हफीजा परत आली ती आधी त्याच्याकडेच गेली. तिची हाक मला ऐकू आली. तिथे आता चौकोनी खड्डा होता आणि तळाशी हिरवं पाणी. मग ती माझ्याकडे आली, गडग्याला हात लावत लावत चालली आणि पायाच्या बोटांपाशी थांबली.

तिनं मास्तरांना बोलावून घेतलं. सगळं ऐकून मास्तर म्हणाले,

"चाची, अहो आधी नाही का सांगायचं? एक शब्द बोलला असतात तर!"

"काय सांगू, मास्तर? माजी मानसं म्हनली असती, हफीजा दगडाच्या बाव्ल्याकडं जाते. तुमच्या मानसांनी नारळ फोडला असता, देऊळ बांधलं असतं. म्हटलं, त्याला निजू दे. कोनाच्या नजरेत नको म्हनून झाकून ठेवला मी. झाकला म्हनूनच गेला."



मग मास्तरांनी गडगा उसवला. रेघा असलेले चिरे निवडून माझ्याशेजारी जमिनीवर मांडले. पाय जुळले, हात जुळले, छातीचा थोडा भाग जुळला. डोकं मिळेना. अनिलचा चेहरा उतरला होता. "थोडे चिरे गावातही गेलेत, मास्तर. कोणाच्या गोठ्याला, कोणाच्या विहिरीला." मास्तर गोठेन् गोठे फिरले. फलकावरची ती ओळ त्यांनी स्वतः खरवडून काढली. पण ती खरवडताना ज्या चौथऱ्यावर गुडघा टेकला होता, तो काही फोडून बघितला नाही.

शोध थांबला त्या दिवशी हफीजा म्हणाली, "अद्नानचं तोंड बघायला मिळालं नाय. ह्याचं तरी होतं माज्याजवळ."

आता ती रोज दुपारी येते. सड्यावर सावली नाही, ती फक्त फलकाची. म्हणून चौथऱ्याला पाठ टेकून बसते. समोर तिचा तो बिनडोक्याचा माणूस मांडलेला असतो आणि त्याच्या बाजूला मी. कधी कधी ती माझ्याकडे बघून विचारते, "तू तर हितंच होतीस गो. तुला ठावं असंल." माझा जबडा उघडाच कोरलेला आहे, पण त्यातून शब्द फुटत नाही. मला इतकं वाईट कधीच वाटलं नव्हतं.

मला कोरणाऱ्या बाईनं बजावलं होतं, त्याच्याकडे वळून बघायचं नाही. मी वळले नाही. माणसांनीच त्याला आणून माझ्या तोंडासमोर चिणला.

माझी विनंती फार मोठी नाही. सड्यावर मशीन लावण्याआधी एक पावसाळा जाऊ द्या आणि माती झाडून पाणी कुठे कसं साचतंय ते बघा. आणि या बाजूला आलात तर दुपारचे या. हफीजा बसलेली असेल. तिला जरा बाजूला व्हायला सांगा. तिची पाठ टेकते तिथेच, गिलाव्याच्या आत, तो आहे.