एक दिवस पुढे

शिंपीणबाईंचं कोर्टाच्या व्हरांड्यात बूड म्हणून टेकत नव्हतं. बाकावर बसायच्या, उठायच्या, दारावरच्या यादीत आपला नंबर बघून यायच्या. नंबर काही जागचा हलत नव्हता. दुकानातून घाईघाईत निघताना मापाची टेप गळ्यातच राहिली होती. "आई, ती टेप काढ ना," लेक दोनदा म्हणाली. पण हातात धरायला काहीतरी हवंच होतं, म्हणून बाईंनी ती काढली नाही.

सगळी भानगड एका दिवसाची होती. मेडिकलला प्रवेश हवा तर ३१ डिसेंबरपर्यंत सतरा वर्षं पूर्ण हवीत. लेकीच्या दाखल्यावर जन्मतारीख होती १ जानेवारी. भरघोस मार्क, यादीत नाव, आणि खिडकीतल्या कारकुनाने अर्जावर लाल शाईने लिहून टाकलं, 'अपात्र'. आज पाचला ती खिडकी बंद व्हायची होती.

खरी मेख बाईंनी इतकी वर्षं पोटात ठेवली होती. लेक जन्मली ३१ डिसेंबरलाच, भर दुपारी. नोंदणीवाल्याला "एक तारीख लिहा" म्हणून सांगितलं ते बाईंनीच. वर्षाने लहान दिसली तर नोकरीत एक वर्ष जास्त मिळेल, हा हिशेब! केवढी ती अक्कल पाजळली होती! आता तीच पोरीच्या मुळावर आली होती.

अखेर राहवेना. लेकीला पाणी आणायला पिटाळून त्यांनी आपल्या वकीलबाईंना गाठलं. "खरं सांगते बाई, ती तारीख..."

"कागदावर आहे तेवढंच बोला," वकीलबाईंनी मध्येच तोडलं. "आज नवं काही काढलंत, तर पाच इथेच वाजतील."

बाईंचा सगळा राग टेपवर निघाला. त्यांनी ती गळ्यातून ओढून ताणून धरली. "मग हे तरी सांगा! सतरा इंच कापड मापलं, तर ते सतराच्या रेघेवर संपतं ना? अठराव्या इंचात शिरायला कशाला हवं? एकतीस तारीख संपली की पोरीची सतरा भरली. एक तारखेला अठरावं लागलं!"

वकीलबाईंनी सतराच्या रेघेवर बोट ठेवलं. मग हात पुढे करून म्हणाल्या, "द्या इकडे."

नंबर लागला. वकीलबाईंनी जजसाहेबांसमोर टेप धरली आणि बाईंचंच बोलणं कायद्याच्या भाषेत मांडलं. समोरचे वकील वाढदिवस, वाढदिवस करत राहिले. साहेबांनी चष्मा पुसला. "वाढदिवस हा पुढच्या वर्षाचा पहिला दिवस. सतरावं वर्ष आदल्या दिवशीच पूर्ण होतं. मुलगी पात्र आहे. प्रवेश आजच द्या."

हुकमाची प्रत हातात पडली तेव्हा सव्वाचार झाले होते. जिना उतरताना लेक हसत सुटली. "आई, कोर्टाने मला एक दिवस आधीच मोठी केली गं!"

बाईंनी तिचा हात धरला. "आधी नाही गं. बरोबर त्याच दिवशी."

"म्हणजे?"

"म्हणजे पळ. सगळं सांगते. आधी ती खिडकी गाठ."