पुकारा होईपर्यंत

रखमाजीनं पुढं केलेला चहा कडूबानं बशीसकट मागं सरकवला.

"घे ना. जहर न्हाई घातलं त्यात."

"मंग तूच पी दोन्ही."

रखमाजीनं खरंच दोन्ही कप रिकामे केले आणि मिशा पुसल्या. जाफराबादहून हे दोघे चुलतभाऊ एकाच एसटीनं जालन्याला आल्ते आणि आता कोर्टासमोरच्या टपरीवर बसले होते. सामाईक विहिरीतला कडूबाचा पाण्याचा वाटा खालच्या कोर्टानं रखमाजीला दिला होता. त्यावरच्या अपिलाची आज तारीख. हे गेलं तर कडूबाची मोसंबी उभी वाळणार.

कडूबाच्या बाजूच्या मार्तंड वकिलांनी त्याला बजावलं होतं, "मी पलीकडच्या कोर्टात आहे. तू फक्त दारात उभा राहा. शिपायानं नाव पुकारलं की मला बोलवायला ये. दोघंही नसलो तर अपील तिथंच खारीज."

एवढंच काम. पण रखमाजीच्या मांडीवर एक कापडी पिशवी होती. एसटीत बसल्यापासून त्यानं ती खाली ठेवली नव्हती. आता त्यानं ती काखेत मारली, इकडंतिकडं बघितलं आणि जुन्या जालन्याचा रस्ता धरला.

कडूबाच्या मनात पाल चुकचुकली. तूप असंल पिशवीत. कुण्या साहेबाच्या घरी चाललं. रंगेहात धरलं, तर ह्याची बोलतीच बंद.

तो मागं लागला. रखमाजीनं एका दुकानात तुरीचा भाव विचारला, दुसऱ्यात धोतराचं पान चोळून बघितलं. घेतलं काहीच नाही. कोपऱ्याकोपऱ्यावर कुणाची वाट बघितल्यासारखा थांबायचा, मंग पुढं. कडूबा हातगाड्यांच्या आडून सरकत होता. एका ऑटोखाली त्याचा पाय जाता जाता वाचला.

शेवटी रखमाजी एका बंद दुकानाच्या पायरीवर टेकला आणि मान न वळवता म्हणाला,

"ये रे कडूबा. पाय दुखले असतील."

पिशवीतून चार भाकरी निघाल्या, ठेचा, दोन कांदे.

"तुझ्या वहिनीला सकाळीच म्हणलं, दोघांचं बांध."

कडूबा भाकरीकडं बघत राहिला. मंग धोतर सावरून जो पळत सुटला, तो कोर्टाच्या दारातच थांबला. तिथं मार्तंड वकील उभे होते.

"पुकारा झाला. अपील गेलं." वकील चष्मा पुसत म्हणाले, "अर्ज करून परत उभं करता येतं. पण सबळ कारण लागतं. होतास कुठं?"

कडूबानं मागं वळून बघितलं.

"माझ्यासंगं व्हता, वकीलसाहेब." रखमाजी मागून सावकाश येऊन राह्यला होता. "बराबर तसंच लिहा. मी सही देतो."

वकिलांनी चष्मा चढवला आणि रखमाजीकडं नीट बघितलं. रखमाजीनं दोन भाकरी कडूबाच्या हातावर ठेवल्या. कडूबाच्या पोटात सकाळपासून काही नव्हतं. त्यानं वरची भाकरी उचलून खालची बघितली. मंग खालचीही उलटून बघितली.