रवळूचं जीवपान

देवळापुढच्या फरशीवर पाय ठेवायला जागा नव्हती. मधोमध कांबळ्यावर दर अमावास्येला गावात येणारा नागेंद्र आप्पा, त्याच्यापुढं पितळी ताट, ताटात पाणी आणि पाण्यात नुकतीच सोडलेली एक काळी, मुडपलेली काडी; आप्पा तिला जीवपान म्हणायचा. चहाच्या गाळण्यात सापडली असती तर कुणी दुसऱ्यांदा बघितलंही नसतं, असली ती काडी. पण त्या अमावास्येला सकाळी सगळं गाव तिच्यावर डोळे लावून बसलं होतं.

"नाव घे, माय."

"सौरव," जयाबाई म्हणाली.

आप्पानं डोळे मिटले. "सौरवा, असशील तिथनं हाक दे रं. जिता असलास तर हिरवा हो, नसलास तर काळा ऱ्हा. यमाच्या दारात माझी वळख हाय, हितं खोटं चालायचं न्हाय."

आणि काडी हलली. कडा हळूहळू उलगडल्या, आतलं पोट दिसायला लागलं आणि बघता बघता काळ्याचं हिरवं झालं, भाताच्या कोवळ्या तरव्यासारखं. "जिता हाय," आप्पा म्हणाला. जयाबाईनं फरशीला डोकं टेकलं. शेजारच्या बायकांनी पदर डोळ्यांना लावले.

गर्दीच्या मागं मंगलबाई उभ्या होत्या. गावच्या हायस्कुलात विज्ञान शिकवायला त्या गेल्या जूनमध्ये आल्या, मूळच्या निपाणीच्या. वय पन्नाशीच्या पुढं, लग्न केलेलं नाही. जयाबाईच्या घराची पुढची खोली त्यांनी भाड्यानं घेतली होती. शाळेत दिवसभर बोलून घसा बसायचा, आणि संध्याकाळी बोलायला एकटी जयाबाई. तिलाही दुसरं कोण होतं? नवरा वारलेला, एकुलता एक सौरव गोव्याला हॉटेलात कामाला म्हणून गेला तो गेलाच. तीन वर्षं फोन बंद.

गावाचं नाव कशाला सांगू? खानापूरच्या आत, लोंढ्याच्या अंगाला आहे म्हणा. असली अमावास्या कुठल्या गावाला चुकलीय?

आप्पाचं एक बरं होतं, तो कधी चुकत नसे. पोरगा कुठं हाय, विचारलं तर म्हणायचा, "पाण्याच्या कडंला." आता गोव्यात पाण्याच्या कडेला नाही असं काय असतं? कधी येणार, विचारलं तर, "वाट सरळ झाली की." आणि पोलिसात वर्दी द्यावी का, असं जयाबाईनं एकदा विचारलं, तेव्हा मात्र तो डाफरला होता. "पोलिसात नाव गेलं की पान काळं पडंल. मग मला बोलू नकोस." झालं. तीन वर्षं त्या माउलीनं रोज एक ताट जादा मांडलं, आणि पोराला शोधायला कुणीही निघालं नाही. मंगलबाईंना खुपत होतं ते हे.

भावकू अण्णांचा किस्सा तर गावाला पाठ होता. दुकानावर बसून ते आप्पाला ढोंगी म्हणाले. पुढच्या अमावास्येला त्यांच्या दुबईतल्या भावाचं पान काळंच राहिलं. घरात रडारड झाली, आणि आठवड्यानं भावाचा फोन आला, टीव्ही कुठला घेऊ म्हणून. त्यावर आप्पा काय म्हणाला असेल? "तुझ्या शंकेनं पान करपलं." गावानं माना डोलावल्या. मंगलबाईंनी मात्र 'करपलं' हा शब्द मनात ठेवला.

कारण ती काडी त्यांच्या ओळखीची होती. शाळेमागं दगडी ताल, म्हणजे रचलेल्या दगडांचा बांध आहे. पावसाळ्यात त्या दगडांना हिरव्या चपट्या पट्ट्या चिकटलेल्या असतात, आणि दिवाळी सरली की त्या वाळून काळ्या दोऱ्यांसारख्या होतात. बाईंनी त्यातल्या चार खरवडून आणल्या. खोलीत बसून एक बशीत टाकली आणि वर साधं नळाचं पाणी ओतलं. नाव घेतलं नाही. घ्यायला होतं कुणाचं? ती हिरवी झाली. दुसरी त्यांनी आधी तव्यावर भाजली आणि मग पाण्यात टाकली. ती काळीच राहिली.

बशी घेऊन त्या मागच्या घरात गेल्या. "आक्का, हे बघा."

जयाबाईनं बघितलं, आणि तोंड फिरवलं. "तुमच्या बशीत काय बी हुईल, बाई. तुम्हाला कुणाची वाट बघायची न्हाय."

खरं होतं, म्हणून लागलं. त्या दिवसापासून जयाबाई कामापुरतंही बोलेना. घरात भांड्यांचाच तेवढा आवाज. निपाणीहून येताना बाईंनी एकटेपण ट्रंकेतून आणलं होतं, पण ते इतकं जड आहे हे त्यांना आता कळलं. गप्प बसलं असतं तर चाललं असतं, असं त्यांच्या मनात कितीदा तरी आलं.

पुढच्या अमावास्येला त्या सरळ जाऊन आप्पापुढं बसल्या.

"कुणाचं बघायचं?"

"माझ्या माणसाचं."

बायकांत कुजबुज झाली. "बाईंचं लगीन झालतं व्हय?" "सोडून गेला असंल गं, म्हणून तर गळ्यात काय न्हाय."

"नाव?"

नावाचा विचार बाईंनी केलाच नव्हता. "रवळू," त्या म्हणाल्या.

आप्पानं रवळूला हाक मारली, डबीतनं काडी काढून ताटात सोडली. ती हलली, उलगडली, हिरवी झाली. आणि खोटं कशाला सांगू, बाई ताटावर वाकल्या. पानाची सगळी रचना त्यांना तोंडपाठ होती, तरी एक क्षण वाटलं की कुठंतरी कुणीतरी आहे, आणि ते आपलं आहे. मग त्यांना स्वतःची लाज वाटली, आणि त्यामागून राग आला. हा माणूस जयाबाईला दर अमावास्येला हे असं करत होता.

"जिता हाय," आप्पा म्हणाला. "पाडव्याच्या आत उंबऱ्यावर हुबा राहील."

"आप्पा, माझं लग्नच झालेलं नाही. रवळू नावाचा माणूस मी आत्ता इथं बसून तयार केला."

सगळ्या माना आप्पाकडं वळल्या. पण आप्पा काय कच्चा गडी? "लगीन झालं न्हाय, पर कपाळात हाय. जो अजून भेटला न्हाय, त्योच ह्यो. बाई, हळद दळायला घ्या."

गाव खदखदून हसलं. बाईंचे कान तापले. उठून जावंसं वाटलं, तरी त्यांनी रुमालाची गाठ सोडली. त्यात शाळेमागच्या तालावरच्या काड्या होत्या. त्यांनी आपल्या बाटलीतलं पाणी वाडग्यात ओतलं.

"भावकू अण्णा, तुमच्या वडलांचं नाव घ्या."

"अवो, ते वारले. ह्या सगळ्यांनी खांदा दिलाय."

"म्हणूनच घ्या."

भावकूंनी नाव घेतलं, बाईंनी रुमालातली एक काडी वाडग्यात सोडली. काडी उलगडली, हिरवीगार. भावकू वाकून बघत राहिले आणि म्हणाले, "मग आम्ही जाळलं कुणाला?"

या वेळचं हसू वेगळं होतं. आप्पाचा हात डबीकडं गेला, पण भावकूंनी ती आधी उचलली. आत दोन खण होते. एकातल्या काड्या चिवट, दुसऱ्यातल्या बोटात धरल्या की भुगा होणाऱ्या. बाईंनी भुग्याच्या खणातली पाण्यात टाकली. गावानं पुष्कळ वेळ वाट बघितली, तरी ती काळीच.

"ही तव्यावर भाजलेली आहे," बाई म्हणाल्या. "भाजलेलं बी उगवत नाही, तसंच हे. ज्याला खूश करायचं त्याला पहिल्या खणातली, ज्याला धाक घालायचा त्याला दुसऱ्या. भावकू अण्णा, तुमच्या भावाचं पान शंकेनं नाही, जाळावर करपलं."

मग त्यांनी वर्गात सांगावं तसं सांगितलं. हे शेवाळ नाही, नेचा नाही, गवत नाही. याला खरं मूळ नाही, फूल नाही, बी नाही. शेवाळासारख्याच साध्या झाडांतला हा वेगळा गट आहे, इंग्रजीत लिव्हरवर्ट, मराठी पुस्तकात यकृतका. काहींचा आकार मटणातल्या कलेजीसारखा, म्हणून हे नाव. जुन्या काळी लोकांनी आकार बघूनच ते कलेजीच्या दुखण्यावर औषध ठरवलं होतं, तीही अशीच समजूत. ऊन तापलं की हे आपल्या कडा वर मिटून घेतं आणि खालची काळी खवल्यांची बाजू तेवढी दिसते. ते मेलेलं नसतं, मिटलेलं असतं. पाणी लागलं की उघडतं. पाणी कुणीही ओतू दे, नाव कुणाचंही घेऊ दे, नाहीतर घेऊ नका.

आप्पा कांबळं गुंडाळत म्हणाला, "देवाची परीक्षा घेतलीसा, भोगशीला." पण त्याच्याकडं कुणाचं लक्ष नव्हतं. खानापूरची बस लागली होती, तो तीत बसून गेला.

घरी जयाबाई चुलीपुढं बसली होती. बाई दारात उभ्या राहिल्या.

"मग माझा सौरव न्हाय व्हय?"

"मला माहीत नाही, आक्का."

"पान हिरवं व्हतं की ओ."

"पान रवळूलाही हिरवं झालं. जो कधी नव्हताच, त्याला." बाई खाली बसल्या. "सौरव असेल, नसेल. पानाला त्यातलं काही कळत नाही. ज्यांना शोधता येतं, त्यांना आपण विचारलंच नाही."

जयाबाई रडली. पुष्कळ रडली. रात्री तिनं नेहमीसारखं जादा ताट मांडलं, आणि बाईंनी त्याच्याशेजारी पाण्याचा तांब्या ठेवला.

सकाळी मात्र ती धुतलेलं लुगडं नेसून, सौरवचा फोटो पिशवीत घालून दारात उभी होती. दोघी खानापूरला गेल्या. ठाण्यातल्या पोलिसानं कन्नडमध्ये विचारलं, इतके दिवस काय करत होता? बाईंच्या आधी जयाबाईनंच उत्तर दिलं, "आमी पाण्यात बघत बसलो व्हतो, साहेब." वर्दी लिहून झाली, फोटो गोव्याला पाठवतो म्हणाला.

तेव्हा मंडळी, एवढंच सांगणं आहे. आपलं माणूस हरवलं तर त्याला माणसांत शोधा, ताटात शोधू नका. आणि कुणी हिरवं पान दाखवून आशा देऊ लागला, तर नसलेल्या माणसाचं नाव घेऊन बघा. त्यालाही तो जिता म्हणाला, तर उठा आणि घरी या.

परतीच्या बसमध्ये दोघी शेजारी बसल्या. मग जयाबाईनं हळूच विचारलं, "बाई, तुमचा त्यो रवळू दिसायला कसा व्हता ओ?"

कितीतरी दिवसांनी तिनं आपणहून बाईंची चौकशी केली होती. मंगलबाई तिच्याकडं वळल्या.

"उंच होता," त्या म्हणाल्या. "आणि न सांगता कुठं जात नव्हता."