दोन आठवडे बिनदुधाचे

चार दिवस माझ्या घशाखाली घास उतरत नाहीये, आणि या वेळी त्यात दुधाचा काही संबंध नाही. मी घाबरलेय. आत डॉक्टरीण दादाच्या आतड्यात दुर्बीण घालून बघतेय. बाहेर बाकावर वहिनी आणि मी, आणि आमच्या दोघींच्या मध्ये वहिनीने तिची पिशवी ठेवलीय. एवढं बाक रिकामं, पण पिशवी नेमकी मध्येच. मला त्याचा राग येत नाही. तिच्या जागी मी असते तर मी मला कधीच दाराबाहेर काढलं असतं.

मी दुधाच्या दुकानात काउंटरवर असते. अठरा वर्षं झाली. आणि मला स्वतःला दूध पचत नाही. दुधात जी साखर असते ना, लॅक्टोज, ती पचवायला पोटात जो रस लागतो, तो माझ्याकडे नावापुरताच. कपभर दूध प्यायले की दोन तासांत पोटाचा नगारा आणि मग पळापळ. दुधाच्या दुकानात दूध न पचणारी बाई म्हणजे गिऱ्हाइकांची फुकट करमणूक. पण पोट धरून आलेलं माणूस बरोब्बर माझ्याच समोर उभं राहतं. त्याला मी सांगते, बाबा रे, दुधाला लगेच कायमचा रामराम ठोकू नकोस. जुनं, कडक चीज खा, त्यात ती साखर जवळजवळ उरतच नाही. दही जेवणासोबत वाटीभर खाऊन बघ. हे बिनलॅक्टोजचं दूध ने. जरा गोड लागेल, पण वरून काही घातलेलं नाही, आतलीच साखर फोडलेली आहे. माझ्यामागे सगळे मला डॉक्टरीणबाई म्हणतात. तोंडावर म्हटलं तरी मला आवडतं, खोटं कशाला बोलू.

अशा प्रत्येकाला मी एक कागद आखून देते. दोन आठवडे दूध पूर्ण बंद आणि पोटाचं रोज काय झालं ते लिहायचं. मग अर्धा कप दूध जेवणाबरोबर, मग एक कप. तळाशी एक ओळ असते: दोन आठवड्यांत फरक पडला नाही तर दोष दुधाचा नाही, डॉक्टरकडे जा. ही ओळ मी शेकडो वेळा लिहिली असेल.

दादा शिंपी आहे, माझ्याहून सात वर्षांनी मोठा. अडीच महिन्यांपूर्वी तो माझ्या घरी आला. "पोट फुगतं गं. सारखं जावं लागतं," म्हणाला.

"दूध," मी म्हणाले. तो अजून चपला काढत होता.

त्यालाही कागद दिला. दोन आठवडे गेले, फरक शून्य. दुसरं कोणी असतं तर त्याला मी दंडाला धरून दवाखान्यात पाठवलं असतं. पण हा माझा भाऊ. आमच्या आईला दूध पचायचं नाही, मला पचत नाही, मग याला कसं पचेल? म्हणजे दूध कुठूनतरी पोटात जातंय. मी त्याच्या स्वयंपाकघरात ठाण मांडलं. पाव बघितला, बिस्किटं बघितली, सूपच्या पाकिटामागची बारीक अक्षरं चष्मा लावून वाचली. तो आम्लपित्तावर एक गोळी घ्यायचा, त्या गोळीत लॅक्टोज निघालं. मला इतका आनंद झाला की काय सांगू. गोळी बंद, पुन्हा दोन आठवडे. तरी फरक नाही. मग मी त्याच्यावरच घसरले.

"चोरून खातोयस. खरं सांग."

त्याने मान खाली घातली. "चहात घातलं होतं थोडं."

मी त्याला फैलावर घेतलं. बायकोसमोर घेतलं. आणि नवा कागद आखला.

गेल्या मंगळवारी, भर गिऱ्हाइकीत, वहिनी दुकानात आली. तिने दादाची पँट काउंटरवर टाकली आणि कंबर उलटी केली. "ताई, हे बघा."

आत जुन्या शिवणीची भोकं होती. एकाशेजारी एक, तीन रांगा. कंबर तीनदा आत घेतलेली.

"सगळ्याच पँटी अशा आहेत," ती म्हणाली. "शर्टसुद्धा."

माणूस वाळला की कपडे लोंबतात, घरचे विचारतात, अरे, तुला झालंय काय. आमचा दादा शिंपी. तो वाळत गेला आणि मशीनवर बसून कपडेही त्याच्या मापाचे करत गेला. आम्हाला तो रोज जसाच्या तसा दिसत राहिला. दूध न पचल्याने माणूस कळवळतो, असा झिजत नाही. हे मला माहीत आहे. हे मी लोकांना सांगते.

दार उघडलं. डॉक्टरीण बाहेर आली, आमची खरी डॉक्टरीण. तिने चष्मा काढून पुसला.

"आतड्यात एक गाठ आहे," ती म्हणाली. "तुकडा काढून तपासायला पाठवलाय. गुरुवारी कळेल कशाची आहे ते. शौचातून रक्त बरेच दिवस जात असणार, हे म्हणाले का कधी?"

वहिनीने माझ्याकडे पाहिलं. मी नाही म्हणून मान हलवली. मग ती कागदांवर सही करायला गेली आणि मी आत गेले.

दादा कुशीवर पडला होता. इस्पितळाचा झगा त्याच्या अंगावर नुसता टाकल्यासारखा होता. किती दिवसांनी मला माझा भाऊ खरा केवढा उरलाय ते दिसलं. मला रडू आवरेना.

"दादा, मी चुकले रे. दोन आठवड्यांनीच तुला इकडे आणायला हवं होतं."

"तू कशाला चुकतेस?" त्याचा आवाज गुंगीने जड झाला होता. "रक्त मला तुझ्याकडे यायच्या आधीपासून दिसत होतं. महिनाभर."

"मग बोलला का नाहीस?"

"बोललो असतो तर तू डॉक्टरकडे पाठवलं असतंस. मला भीती वाटत होती गं. तू दूधच म्हणशील हे ठाऊक होतं. तेच ऐकायला आलो होतो."

"आणि ते चहातलं?"

"कुठलं चहातलं? थेंब घेतला नाही. पण मी नाही म्हटलं असतं तर तू म्हणाली असतीस, दोष दुधाचा नाही."

मला त्याच्यावर ओरडायचं होतं. मी त्याचा हात धरला, तो गार होता, आणि माझा त्याहून गार.

"गुरुवारपर्यंत काय खाऊ?" त्याने विचारलं. त्याने अगदी तसंच बघितलं, जसं त्या दिवशी माझ्या घरी चपला काढताना बघितलं होतं, माझ्या तोंडून काहीतरी सोपं निघेल म्हणून.

"मला माहीत नाही, दादा," मी म्हणाले. "आपण त्या डॉक्टरीणबाईंना विचारू."