शुक्रवार पेठेतली तागडी आणि फळीवरचे चिन्ह

मित्रांनो, नीट बसा आणि ऐका. सोलापूरच्या शुक्रवार पेठेत ईश्वरप्पाच्या किराणा दुकानात, खुंटीला टांगलेली एक जुनी पितळी तागडी आहे. ती मी. मला कुणी अडगळ म्हटलेले खपत नाही.

तांबटाने माझी पारडी ठोकून घडवली आणि दोन्ही बाजू पुन्हा पुन्हा पारखूनच मला हातावेगळे केले. ईश्वरप्पाचे वडील सिद्धाराम यांनी मला दुकानात आणले. त्यांचा दंडक होता, की मालाचे पारडे किंचित खाली गेल्याशिवाय पुडी बांधायची नाही. दुधनीकडची गिऱ्हाइकेसुद्धा म्हणत, "ह्या तागडीचं माप झुकतं हाय." पुढे दुकानात नवा काटा आला आणि मी खुंटीला लागले.

मग ईश्वरप्पाची मुलगी महानंदा आठवीत गेली. शाळेत नवे गणित आले होते. बरोबरीच्या चिन्हाऐवजी लहान-मोठ्याचे चिन्ह, आणि त्यातून अक्षराची किंमत शोधायची. ईश्वरप्पाने मला मोठ्या रुबाबात खाली काढले. स्वतः गादीवर बसला. लेकीला समोर, गिऱ्हाइकाच्या स्टुलावर बसवले. त्या घरात गादीवर मुलींनी बसायची रीत नव्हती. डाव्या पारड्यात त्याने जास्त वजन टाकले आणि गादी आणि स्टुलामधल्या आडव्या फळीवर खडूने > असे चिन्ह काढले.

"डावं जड, की चिन्ह असं. ध्यानात ठेव."

तिने ठेवले. पण समोरून तिला ते < असे दिसत होते, आणि डावे जड म्हणजे हेच चिन्ह असे तिने धरले, हे त्या शहाण्याच्या लक्षात आले नाही. मला दिसत होते. परंतु तागडीला जीभ नसते, आणि हे दुःख मी कुणाला सांगू?

चाचणीत उदाहरण आले, x + 2 > 5. महानंदाने दोन्हीकडून दोन वजा करून x > 3 अगदी बरोबर काढले. पुढे x च्या किमती मात्र लिहिल्या दोन, एक, शून्य. सगळ्या उदाहरणांची हीच गत. बाईंनी पानभर फुल्या मारल्या.

"वजाबाकी बरोबर आणि उत्तर चूक?" ईश्वरप्पा कडाडला. "सहामाहीत असंच केलंस तर शाळा बंद. मग लाट पोळ्या."

"तुमीच शिकवलंय की, अप्पा."

"उलट बोलू नको."

माझी दांडी संतापाने थरथरली. लोकांना वाटले, वारा आला.

दुपारी ईश्वरप्पा जेवायला आत गेला आणि गूळ मागायला शेजारच्या काशम्मा आल्या. ढेप गादीमागे होती. महानंदा गादीवर चढली, गूळ दिला, आणि तिची नजर फळीवर पडली. ते जुने चिन्ह तिथेच होते. गादीवरून मात्र ते उलटे, > असे दिसत होते.

ईश्वरप्पा हात पुसत बाहेर आला. "ऊठ तिथनं."

"उठते. आधी तुमी माझ्या जागी बसा की."

"मी? स्टुलावर?"

"बसा की जरा, ईश्वरप्पा," काशम्मा म्हणाल्या. "गिऱ्हाइकाची जागा हाय, काटे न्हाईत तिला."

जन्मात पहिल्यांदा तो माझ्या पलीकडल्या बाजूला बसला. त्याने फळीकडे पाहिले. त्याचेच चिन्ह इथून उलटे, < असे होते. लेकीला मग त्याने उठवले नाही.

महानंदाने आपल्या डाव्या पारड्यात गुळाची पिशवी आणि दोन किलोचे वजन ठेवले, उजव्या पारड्यात पाच किलो. डावे खाली गेले. मग दोन्हीकडून दोन-दोन किलो काढले. डावे खालीच राहिले.

"म्हंजे गूळ तीन किलो," ईश्वरप्पा म्हणाला.

"न्हाय, अप्पा. तीन असता तर दांडी सरळ राहिली असती. तिनाहून जास्त. साडेतीन असंल, चार असंल."

"म्हंजे झुकतं माप," तो हळूच म्हणाला.

सहामाहीत महानंदा गणितात उत्तीर्ण झाली. पेढे कुणाला? शाळेतल्या बाईंना. मी पुन्हा खुंटीला, पारड्यांत धूळ.

मित्रांनो, जुन्या वस्तूला चिंचेने घासून पुसत जा, एवढे तरी शिका. आणि लेकराला ढ म्हणण्याआधी ते जिथे बसले आहे, तिथे एकदा जाऊन बसा. माझ्यासमोरचे ते स्टूल अजून रिकामेच असते.