जरा बिघडवा, शफीभाई

मी पुष्कळदा मेलो आहे. तलवारीनं मेलो, फासावर मेलो, विहिरीत बुडून मेलो, एका सिनेमात तर हिरोच्या एका थपडेत मेलो. चाळीस वर्षं नाटकात रझाकार, मोगल सरदार, कसाई आणि पठाण केले. सिनेमात स्मगलर, आणि वय झाल्यावर स्मगलरचा मामा. माझं नाव कुणाला आठवत नाही, तोंड मात्र साऱ्या औरंगाबादला पाठ आहे. शहागंजात भाजी घ्यायला गेलो की बाया एकमेकींना कोपर मारतात.

नाव शफी. निजामावर पोलीस ॲक्शन झाली तेव्हा मी दहा वर्षांचा होतो. पुढं शाळेतली उर्दू गेली आणि मराठी आली. आमच्या गल्लीतली पोरं रडकुंडीला आली, मला मात्र ती भाषा लागलीच आवडली. नंतर एसटीत नोकरी मिळाली. स्टँडवरच्या भोंग्यातून गाड्या पुकारायचं काम माझ्याकडं होतं. पैठणला निघालेले म्हातारे म्हणायचे, "कोण बामण बोलतोय रं ह्यो? लई गोड आवाज हाय." मी खिडकी लावून घ्यायचो. उगाच कशाला त्यांचा हिरमोड करा?

हीच भाषा घेऊन मी तरुणपणी नानासाहेबांच्या नाट्यमंडळात गेलो होतो. नानासाहेब वकील, माणूस सज्जन, नाटकं स्वतःच लिहायचे आणि स्वतःच बसवायचे. मी देशभक्त मास्तरांचं भाषण म्हणून दाखवलं. "वा! काय वाणी आहे!" असं म्हणत त्यांनी डोळे पुसले आणि मला रझाकाराचं काम दिलं. पहिल्याच तालमीत थांबवून म्हणाले, "जरा बिघडवा, शफीभाई. इतकं शुद्ध बोललात तर लोकांना कळणार कसं?"

मी बिघडवलं. 'मी येतो'चं 'हम येतो' केलं, बाईला 'तो' म्हटलं आणि म्हशीला 'ते'. मंडळी पोट धरून हसली आणि माझं नशीब तिथंच ठरलं. पुढं मुंबईच्या दिग्दर्शकांनाही तेच हवं होतं. धड मराठी बोलणारा मुसलमान त्यांच्या काही कामाचा नव्हता.

माझी बायको कमरुन्निसा लग्नानंतर एकदा नाटकाला आली. बिडकीनला मैदानात प्रयोग होता. रझाकार मरायला टेकला की स्टेजवर चपला फेकायची तिथं रीतच पडून गेली होती. जितक्या जास्त चपला, तितका नट मोठा, असं आमची मंडळी मानायची. त्या दिवशी चपलांचा खच पडला आणि मी खूश झालो. खाली येऊन बघतो तर ही बायकांच्या घोळक्यात तोंडावर पदर घेऊन बसलेली. शेजारच्या बाईनं माझ्या नावानं कडाकडा बोटं मोडली होती, आणि ही माझी बायको हे तिला ठाऊकही नव्हतं. "जिस दिन तुम अच्छे आदमी बनेंगे, उस दिन बुलाव मेरेकू," कमरुन्निसा म्हणाली आणि तिनं नाटकाचं नाव टाकलं. त्या एका वाक्यापायी मी म्हातारा झालो. तिनं यावं आणि मला चांगला माणूस झालेलं बघावं, याखेरीज मला रंगभूमीकडून काही नको होतं.

मी रिटायर झालो त्या साली नानासाहेबांनी नवं नाटक लिहिलं. तात्या नावाचा विधुर बाप, वाळूजच्या कारखान्यात नोकरीला लागून घर सोडणारी त्याची मुलं, आणि शेवटी बापाचं मुलांशी एक लांब बोलणं. तात्यांचं काम करणारा नट मुंबईत अडकला होता, म्हणून तालमीत जागा भरायला मला उभं केलं. वाक्यं कुणीतरी म्हणायला हवीत ना! मी म्हटली, न बिघडवता. धाकट्या मुलाचं काम बिडकीनचा बन्सी करत होता. तो स्वतःचं वाक्य विसरून माझ्याकडं बघत राहिला. "शफीभाई," तो म्हणाला, "माझा बाप असाच बोलायचा. हळू, पण लई लागायचं. हे काम तुमीच करा, दुसरं कुनी नाय." नानासाहेबांनीही मान डोलावली. मुंबईचा नट काही आला नाही आणि तात्या मला मिळाले.

घरी सांगितलं तर कमरुन्निसाचा विश्वास बसेना. "बाप? किसीकू मारते नै? मरते बी नै?" मग उठली, ट्रंकेतून ईदेची साडी काढली आणि उन्हात टाकली.

प्रयोग तोंडावर आला आणि एका दुपारी नानासाहेब घरी हजर झाले. चेहरा उजळलेला. "शफीभाई, तुमच्यासाठी मी नाटकच बदललं! तात्यांचा रहीमचाचा केलाय. अनाथ हिंदू पोरं वाढवणारा चाचा! एकात्मतेचा संदेशही जातो आणि तुमच्या आयुष्याचंही सोनं होतं." मी पानं चाळली. चाचा देवमाणूस होता, पण बोलणं सगळं 'हम येतो, तुम जातो'. भीक नको पण कुत्रं आवर, अशी माझी गत झाली. "नानासाहेब, मला तात्याच द्या," मी म्हणालो.

त्यांना खरंच वाईट वाटलं. "अहो, तात्या कुणीही करील. चाचा तुमच्याशिवाय कोण करणार?"

ते गेल्यावर कमरुन्निसा म्हणाली, "चाचा तो चाचा. अच्छा आदमी है ना?" दगडापेक्षा वीट मऊ, म्हणून मीही गप्प बसलो. पण मनात एक ठरवलं. शेवटचं बोलणं मी माझ्या भाषेत बोलणार. तिला निदान तेवढं ऐकवणार.

दुपारचा प्रयोग होता आणि रंगमंदिर भरलेलं. कमरुन्निसा तिसऱ्या रांगेत होती. दोन अंक मी लिहिल्याप्रमाणे बिघडवत नेले. मग मुलं बॅगा घेऊन निघाली, मी खुर्चीत बसलो आणि म्हणालो, "बाळांनो, मी तुम्हाला थांबवणार नाही. फक्त जाताना दार ओढून घेऊ नका. उघडं राहू द्या. कुणीतरी गेलंय असं वाटण्यापेक्षा, कुणीतरी यायचंय असं वाटलेलं बरं."

आधी मागं खुसखुस झाली. मग हसू फुटलं. लोकांना वाटलं, चाचा भटजीबुवांची नक्कल करतोय! चाळीस वर्षं माझ्या तोंडून त्यांनी जे ऐकलं ते त्यांच्या लेखी खरं होतं, आणि हे सोंग. "काय आवाज काढतोय बघ!" कुणीतरी ओरडलं. मी आणखी जीव ओतला, तसे ते आणखी हसले. बन्सी समोर खरोखर रडत होता, त्याचीही त्यांना गंमत वाटली. उभ्या आयुष्यात एवढा मोठा हशा मला मिळाला नव्हता. मला ते रंगमंदिर पेटवून द्यावंसं वाटलं.

नानासाहेब रागावले नाहीत. पाठीवर हात ठेवून म्हणाले, "होतं असं. पुढच्या वेळी लिहिलंय तसं बोला."

रिक्षात कमरुन्निसानं माझा हात धरला. चारचौघांत तिनं तो कधी धरला नव्हता. "अगले खेल में वैसाच बोलो, जैसा नानासाहब लिखे," ती म्हणाली.

"तू पण?"

"चप्पलां मारते थे तो बी चलता था. सच्चा समझके मारते थे. आज तुम सच बोले तो लोगां हँसे. मेरेसे देखा नै गया."

मला तिचा राग आला, आणि ती बरोबर बोलतेय याचा त्याहून जास्त आला.

पुढच्या प्रयोगाला मी सगळंच बिघडवलं. "दरवाजा लावू नको हां, बेटालोग, हम तुमची वाट बघते," म्हणालो आणि शेवटच्या रांगेपर्यंत हुंदके फुटले. पडदा पडताना लोक टाळ्या वाजवत उठले. सगळ्यांच्या आधी उठली कमरुन्निसा. ती टाळ्या वाजवत होती, पण स्टेजकडं बघत नव्हती. मान वळवून ती एकेका रांगेतल्या माणसांची तोंडं न्याहाळत होती, कुणी हसत तर नाही ना म्हणून.