निन्फाच्या कुशीतलं पिल्लू

एव्हारिस्तोने कोळी-माकडाचं पिल्लू घरी आणलं, त्याच दुपारी त्याच्या बायकोच्या, निन्फाच्या, हातांचे दोन्ही अंगठे नाहीसे झाले. जखम नाही, रक्त नाही. कोळ्यासारख्या लांब हातापायांच्या त्या माकडांच्या हातांना अंगठे नसतातच, तसे ते तिलाही उरले नाहीत.

ॲमेझॉनच्या एका उपनदीकाठी, लाकडी खांबांवर उभ्या असलेल्या झोपडीत ती दोघं राहत. त्यांची तान्ही मुलगी तापाने गेली, तेव्हापासून निन्फाने ना चूल पेटवली, ना कुणाशी शब्द काढला. कुशीत काहीतरी हललं की ती पुन्हा माणसांत येईल, असं एव्हारिस्तोच्या मनाने घेतलं. म्हणून त्याने जंगलात एका माकडिणीवर बंदूक चालवली आणि तिच्या पोटाला बिलगलेलं पिल्लू सोडवून आणलं.

बायकोचे हात पाहून तो हबकला. होडी काढतो, वैदूकडे जाऊ, म्हणाला. तेव्हा कितीतरी दिवसांनी निन्फाने तोंड उघडलं.

"राहू दे. लेकरू धरायला चार बोटं पुरतात."

ती बोलली, एवढ्यावरच तो हरखला. सकाळी पाहतो तर झोपडीचे खांब वाढलेले, शिडी जमिनीला टेकेना. त्याने शिडीला पायऱ्या जोडल्या. दुसऱ्या दिवशी ती पुन्हा तोकडी पडली. मग त्याने नाद सोडला. खाली शेजाऱ्यांची छपरं पाचोळ्याएवढी झाली. खिडक्यांतून फांद्या आत शिरल्या, आणि दोघांना पाय पसरण्यापुरती जागा उरली नाही. निन्फा बसल्या जागेवरून लांबच लांब हाताने फळं तोडी, पिल्लाला पाजी, अंगाई गाई. तिचा आवाज ऐकून त्याला बरंही वाटे आणि भीतीही.

एके सकाळी झाडांच्या शेंड्यांतून, घोडा खिंकाळावा तशी, कोळी-माकडांची हाक आली. निन्फाने मान वर केली आणि त्याच आवाजात ओ दिली.

तो दार अडवून उभा राहिला. "जाऊ नकोस. मी आहे ना इथं."

"तू आहेस, म्हणून तर जाता येतंय," ती म्हणाली.

तिने पिल्लू त्याच्या छातीवर ठेवलं आणि खिडकीतून फांद्यांत निघून गेली. त्याने हाका मारल्या. पानं तेवढी हलली. पिल्लाने त्याला घट्ट मिठी घातली. ते सुटेना. तोंडाने चाचपत ते त्याच्या सदऱ्यात शिरलं, आणि सदरा छातीपाशी हळूहळू दुधाने ओला होऊ लागला.